स्वतःचं म्हणून

३ मार्च

तर बाईंचं म्हणणं असं, की मला मराठीत अंगच नाही.

इंग्रजीत आहे. इंग्रजीत मी डोक्यापासून पायापर्यंत सगळी आहे, शाळेतल्या बायॉलॉजीच्या तक्त्यासारखी, बाणबिण लावून. पण काल नव्या प्रयोगाच्या निवडीच्या वेळी बाईंनी आम्हाला अनवाणी उभं केलं आणि म्हणाल्या, वरून खाली हात लावत या, आणि घरात त्या जागेला जे म्हणता ते मोठ्याने बोला. मी एकदम जोरात सुरुवात केली. केस, कपाळ, नाक, हनुवटी, मान, खांदे — पोट. मग गुडघे. मग पाय. संपलं.

बाई म्हणाल्या, "मधलं सामान कुठे उतरवून ठेवलंस?"

सगळ्या हसल्या. मीपण हसले, पण कान इतके तापले की वाटलं दिसत असणार. मी विचारलं, इंग्रजीत सांगू का? तर म्हणाल्या, "इंग्रजीत मीसुद्धा सांगेन. हातमोजे घालून भांडी घासल्यासारखं आहे ते. हात कोरडेच राहतात."

एवढं होऊन मला घेतलं! जाताना अट घातली — रोज मराठीत लिहायचं, कुणी वाचणार नाही, मीही नाही. म्हणून ही वही. ऱ्हस्व-दीर्घ गेलं खड्ड्यात.

अजून विश्वास बसत नाही. बाई म्हणजे त्याच, ज्या भाजीच्या बाजारात मोठ्या वजनकाट्यावर बसून स्वतःच्या अंगाचा भाव पुकारत होत्या — दंड इतके, मांडी इतकी, जीभ विकायला नाही. तो व्हिडिओ मी इतक्यांदा पाहिलाय की मागच्या कोबीवाल्याचा चेहरापण पाठ झालाय. आणि आता त्या मला 'ए' म्हणून हाक मारतात.

५ मार्च

लिहायला बसले. मधलं सामान लिहायचा प्रयत्न केला. खोडलं. बंद वहीत, बंद खोलीत, कुणाला घाबरून खोडलं कोण जाणे.

१० मार्च

आज पहिली रिहर्सल. गालिचांच्या दुकानामागचं गोदाम आहे, सगळीकडे लोकरीचा धुरळा, दर पाच मिनिटांनी कुणीतरी शिंकतं. जमिनीवर तपकिरी कागदाचा लांबच लांब रोल पसरलेला. बाई त्यावर आडव्या होतात आणि आम्ही चौघी खडूने त्यांच्याभोवती ऐसपैस रेघ ओढतो; त्या तशाच पडून राहतात. मग एकेकीने त्या रेघेच्या आत पाय ठेवून उभं राहायचं आणि बोलायचं. काय बोलायचं, तर घरातल्या बायकांनी आपल्या अंगाबद्दल जे सांगितलंय ते.

नियम एकच. आईचं आणा, आजीचं आणा, मोलकरणीचं आणा, कुणाचंही आणा. पण बोलायचं स्वतःचं म्हणून. "'माझी आजी म्हणायची' असं म्हटलंत की तुम्ही पळून गेलात," बाई म्हणाल्या. "तुमच्याच अंगाला झालंय असं बोला. म्हणजे कळेल किती जड आहे ते."

लांबडीने लगेच करून दाखवलं. (लांबडी म्हणजे आमच्यातली सगळ्यात उंच, फिजिओथेरपिस्ट आहे, दिवसभर लोकांचे गुडघे वाकवते.) रेघेच्या आत उभी राहिली, छातीवर हात ठेवला आणि म्हणाली, "सहा जणांनी नेलं. एकानेही परत आणून दिलं नाही." तिच्या आजीचं वाक्य, सहा पोरं पाजून झाल्यावरचं. आधी आम्ही हसलो, मग कुणीच हसेना. लांबडीचं वय चोवीस.

मला पण असं काहीतरी पाहिजे. मला याहून भारी पाहिजे. माझ्याकडे आजी नाही, आई आहे.

१३ मार्च

आईकडून काहीही मिळणार नाही.

आई एका शाळेच्या ऑफिसात क्लार्क आहे. घरीपण ऑफिससारखीच. तिला हसताना मी नीट कधी पाहिलेलंच नाही. फोटोत ओठ मिटलेले, समारंभात शेवटच्या रांगेत, दाराजवळ. कुणी विनोद सांगितला तर ती "हं" म्हणते, जशी काही अर्ज मिळाल्याची पोच देतेय.

मी कांदा चिरत होते, ती तांदूळ निवडत होती. मी विचारलं, "आई, तुझ्या शरीराशी तुझं नातं कसं आहे?"

बोलल्याबरोबर कळलं की हे वाक्य मी इंग्रजीतून उचलून आणलंय.

आई म्हणाली, "नातं? माझंच आहे ते. नातं कसलं?"

"म्हणजे तुला त्याच्याबद्दल काय वाटतं?"

"पाय दुखतात."

तेवढ्यात आत्या आली. ती आमच्या खालच्याच मजल्यावर राहते (तिचा मुलगा माझ्याहून मोठा, नोकरीला बाहेरगावी), दातांच्या दवाखान्यात रिसेप्शनला असते. बेल वाजवत नाही, सरळ येते. मला 'इंग्रज' म्हणते, इंग्लिश मिडियममध्ये घातलं त्या दिवसापासून. "काय गं इंग्रज, आज मराठीत रडतेयस?" कांद्यामुळे माझे डोळे गळत होते. मग तिने आजचा किस्सा सांगितला — एक गृहस्थ खुर्चीत बसायला इतके घाबरत होते की ती म्हणाली, तुम्ही बसू नका, नुसती कवळी पाठवून द्या, आम्ही तिच्याशी बोलून घेतो. मी लोळले. बाबा बाहेरच्या खोलीत लोळले. आत्याच्या चेहऱ्यावरची रेषही हलली नाही. ही तिची खासियत. न हसता हसवते. दवाखान्यात पेशंट म्हणे तिच्यासाठी येतात, दाताचं निमित्त.

आई म्हणाली, "हं."

देवाने मला चुकीच्या मजल्यावर जन्माला घातलंय.

१६ मार्च

सांगितलं. आईने सांगितलं!

दोरीवरून चादरी काढल्या होत्या, आम्ही दोघी घड्या घालत होतो. दोन टोकं तिच्याकडे, दोन माझ्याकडे. मी परत विषय काढला. या वेळी नीट मराठीत. म्हटलं, आमच्या क्लासचा अभ्यास आहे, घरातल्या बाईने अंगाबद्दल काहीतरी सांगायचं असतं, जे कधी कुणाला सांगत नाहीत असं. आपलंच असलं पाहिजे असं नाही, कुणाचंही चालतं, फक्त स्वतःचं म्हणून सांगायचं. आईने चादर झटकली. मी म्हटलं, सगळ्यांच्या आयांनी दिलंय. (हे खोटं. फक्त लांबडीच्या आजीचं झालंय, आणि ती आता नाही.)

"क्लासमध्येच राहील ना?"

मी "हो" म्हटलं.

मग तिने चादर वर धरली, तोंडासमोर, जणू डाग शोधतेय. आणि चादरीमागून बोलायला लागली.

"बाळंतपणानंतर माझं आतलं सैल झालं. शिंकलं की होतं. खोकलं की होतं. हसलं की तर होतंच. जास्त नाही, थोडंसं. पण होतं. कुठे गेलं की आधी बाथरूम कुठेय ते बघून ठेवायचं. कुणी विनोद सांगायला लागलं की मनातल्या मनात दुसरंच काहीतरी आठवायचं, मेलेली माणसं वगैरे. एकदा एकांच्या घरी नवा सोफा होता. फिकट रंगाचा. सगळे हसत होते, मला आवरलं नाही, झालं. मग मी हातातला पाण्याचा पेला मुद्दाम सांडला मांडीवर. सगळे म्हणाले, किती गं वेंधळी. मी म्हटलं, आहेच मी वेंधळी."

मी विचारलं, डॉक्टरला दाखवलंस का?

"त्यासाठी सांगावं लागतं. काय म्हणून सांगणार? शब्द नको का? एकीलाच सांगितलंय आजवर."

"कुणाला?"

"आहे एक."

मग तिने चादर खाली केली आणि तिची दोन टोकं माझ्या हातात दिली. चेहरा रोजचाच. "घडी नीट घाल. सुरकुती पडतेय."

१७ मार्च

सगळं जुळतंय. शेवटची रांग, दाराजवळची खुर्ची. मिटलेले ओठ. गडद रंगाचे कपडे. "हं." मी माझ्या आईला इतकी वर्षं खडूस समजत होते आणि ती बिचारी हसू आवरत होती! आणि बाळंतपण म्हणजे मीच की. मी एकुलती एक. म्हणजे तिचं हसू मी नेलं.

दिवसभर तिच्याकडे बघत बसले. ती म्हणाली, "काय बघतेस, पोट बिघडलंय का?"

२० मार्च

गोदामात सांगितलं. लोकरीने लांबडीला शिंक आली आणि ती शिंकायलाच ओशाळली.

बाईंनी विचारलं, "हे तिने तुला दिलं?"

"हो."

"बोलायला दिलं?"

मी हो म्हटलं. एक सेकंदपण थांबले नाही. आता लिहिताना त्या 'हो'ची चव तोंडात आहे, औषधासारखी.

पण दिलंच ना तिने? क्लासमध्ये, म्हणाली. हा क्लासच आहे. क्लासला प्रेक्षक असले तर काय तो क्लास राहत नाही का?

२४ मार्च

दोन-तीन दिवस जमतच नव्हतं. मी रडवेली होऊन बोलायचे. बाई म्हणायच्या, "दुःख विकू नकोस." सावकाश बोलले, वेगाने बोलले, पाठ करून बोलले. सगळं मेलेलं.

आज अचानक सापडलं. आत्या! आत्या बोलते तसं बोलायचं. चेहरा सपाट, आवाज रिसेप्शनचा, जणू पुढची तारीख देतेय. "हसलं की तर होतंच. जास्त नाही. थोडंसं." लांबडी हसून फुटली. सगळ्या फुटल्या. सोफ्यापाशी आले तेव्हा मी खरंच पाण्याचा पेला घेतला आणि शांतपणे स्वतःच्या मांडीवर ओतला. कागद भिजला, बाईंभोवतीची खडूची रेघ वाहून गेली. आणि मग मी म्हटलं, "एकीलाच सांगितलंय आजवर," तेव्हा हसू असं कापल्यासारखं थांबलं.

बाई ओल्या कागदावर तशाच पडून होत्या. डोळे मिटून म्हणाल्या, "आता आलं अंग."

मी घरापर्यंत चालत आले. उडत आले म्हटलं तरी चालेल.

२६ मार्च

बाईंनी सांगितलंय, घरच्या बायकांना बोलवा. आईला नाही सांगणार. नको. तिला त्रास होईल. (कुणाला होईल ते मला माहीत आहे. लिहीत नाही.)

आत्याला सांगितलं. आमच्या घरातली एकमेव मोकळी बाई तीच. "अंगाबिंगाबद्दल आहे, चालेल ना?" म्हटलं. "मी दिवसभर लोकांच्या तोंडात बघते," म्हणाली, "मला काय दाखवणार तुम्ही?" म्हटलं, आईला बोलू नकोस. ती "बरं" म्हणाली.

३० मार्च

काल प्रयोग झाला.

गोदाम भरलं होतं. लोक गालिचांच्या गुंडाळ्यांवर बसले होते. माझा नंबर तिसरा. मी रेघेच्या आत पाय ठेवला, मान वर केली आणि सुरुवात केली. "बाळंतपणानंतर माझं आतलं सैल झालं." आणि दुसऱ्या रांगेत आत्या दिसली. तिच्या शेजारी आई.

थांबता आलं असतं. हे मला लिहायचंच आहे. पाय बाहेर काढता आला असता, विसरले म्हणता आलं असतं, लांबडीने सांभाळून घेतलं असतं. पण तेवढ्यात पहिलं हसू आलं. समोरून, एकदम, गरम हवेसारखं. आणि मला ते हवं होतं. मी पुढे बोलले. शिंकलं की. खोकलं की. आत्याच्या सुरात, अगदी पट्टीत. लोक एकमेकांच्या खांद्यावर पडत होते. पेला ओतला तेव्हा मागून कुणीतरी शिट्टी वाजवली.

आई माझ्याकडे बघतच नव्हती. तिने मान वळवलेली होती, बाजूला. आत्या सरळ बसलेली, चेहरा नेहमीसारखा, रेष न हलणारा. मला वाटलं, चला, एक तरी माणूस शांत आहे.

संपल्यावर टाळ्या. बाईंनी माझी मान धरून हलवली, मांजरीच्या पिल्लासारखी. मी त्यांच्या खांद्यावरून बघत होते. आई एकटीच भिंतीला टेकून उभी होती, पर्स दोन्ही हातांनी धरून.

"आत्या?"

"गेली पुढे. गॅस बंद केलाय का बघायला."

"तुला तिने आणलं?"

"एकटीला नको वाटत होतं म्हणाली."

घरी येईपर्यंत आई एकच वाक्य बोलली. "ओल्या कपड्यांत बसू नकोस, सर्दी होईल."

३१ मार्च

आईच्या खोलीत गेले. माफी मागितली. म्हटलं, मी क्लास म्हणाले, ते खोटं होतं. लोक हसत होते तेव्हा मी थांबले नाही. माझ्यामुळे तुझं हे झालं आणि मीच परत... आणि तिथे रडायला लागले. म्हणजे परत सगळं माझ्याबद्दलच.

आई शाळेच्या वह्यांचा गठ्ठा बांधत होती. म्हणाली, "माझी माफी नको मागूस."

"आई, प्लीज."

"म्हटलं ना. माझी नको."

इतकं चिडलेलं तिला कधी पाहिलं नाही. चिडलेली म्हणजे आवाज नाही. सुतळीची गाठ तिने दोनदा सोडली आणि दोनदा बांधली.

बाबांना काहीच माहीत नाही. जेवताना म्हणाले, नाटक कसं झालं? मी म्हटलं, नाटक नव्हतं.

२ एप्रिल

बाईंना सांगितलं. त्या पुढच्या प्रयोगाची तारीख सांगत होत्या, मी मध्येच बोलून टाकलं — की तिने बोलायला दिलं नव्हतं.

ओरडल्या नाहीत. बराच वेळ खडूचे तुकडे गोळा करत राहिल्या. मग म्हणाल्या, "मी काट्यावर माझं अंग ठेवलं होतं. तू कुणाचं ठेवलंस?"

मी म्हटलं, नियमच तसा होता, कुणाचंही आणा.

"आणा म्हटलं होतं. उचला नाही." मग जरा वेळाने, माझ्याकडे न बघता, "मीही नीट विचारलं नाही. मला ते हवं होतं. लोक हसले की मलाही बरं वाटतं गं."

हे ऐकून हलकं वाटायला हवं होतं. नाही वाटलं. त्यांनाही लाज वाटू शकते हे मला नको होतं कळायला.

पुढच्या प्रयोगात मी बोलणार नाही. नुसती खडूची रेघ ओढणार. "किंवा," त्या म्हणाल्या, "तुझं काहीतरी आण. खरंच तुझं."

३ एप्रिल

आत्या चार दिवसांत वर आलेली नाही. साखर मागायलाही नाही.

५ एप्रिल

आईशी माझ्या बाजूने बोलू शकेल अशी घरात एकच व्यक्ती. म्हणून आज दवाखान्यात गेले. आत्या काउंटरमागे, गळ्यात ती ओळखपत्राची दोरी. तीन-चार पेशंट गाल धरून बसलेले. टीव्ही बंद. नेहमी तिथे कुणीतरी हसत असतं, आज नव्हतं.

मला बघून म्हणाली, "अपॉइंटमेंट आहे का तुमची?"

तुमची!

मी जोरात हसले. एवढ्या जोरात की गाल धरलेल्या सगळ्यांनी वर पाहिलं. म्हटलं, भारी आत्या. ती बघतच राहिली. मग पुढच्या माणसाला म्हणाली, "तुम्ही जा आत." मग टेबलावरचं पेन सरळ ठेवलं. तेव्हा कुठे मला कळलं की तो विनोद नव्हता. माझं हसू तोंडातच राहिलं, कुठे ठेवू कळेना.

"आत्या, आई माझ्याशी बोलत नाही. तू तिला काहीतरी सांग ना. तुझं ऐकते ती."

"वहिनी माझ्याशीही बोलत नाही," आत्या म्हणाली. "की मी तिच्याशी बोलत नाही. काहीतरी आहे तसं."

"पण तू का? तू तर मोकळी आहेस."

यावर तिने फोन उचलला, जो वाजत नव्हता. परत ठेवला. म्हणाली, "छान बोलतेस तू. शब्द स्पष्ट आहेत. शेवटच्या रांगेपर्यंत पोचतात."

मी "थँक यू" म्हटलं. खरंच म्हटलं. आता उशीत तोंड खुपसावंसं वाटतंय.

माझ्यावर तिचा राग एकाच कारणाने असू शकतो — तिच्या वहिनीची मी अशी अब्रू काढली. दोघी तशा मैत्रिणीच आहेत, आई हसत नसली तरी. मला हे आधी कळायला हवं होतं.

६ एप्रिल

'तुझं काहीतरी आण. खरंच तुझं.'

बसलेय. लिहिते. सातवीत असताना छाती वाढायला लागली तेव्हापासून मी खांदे पुढे घेऊन चालते. जिना उतरताना हातात पुस्तक धरते, पुस्तक नसलं तर मोबाइल, काहीही. पोहायला जायचं सोडलं ते त्यामुळे, सगळ्यांना सांगितलं क्लोरिनची ॲलर्जी आहे. कॉलेजात मी अंगावर प्रेम करा या विषयावर इंग्रजीत भाषण दिलं, पहिलं बक्षीस मिळालं, भाषणभर वही छातीशी धरली होती. कुणाच्या लक्षात आलं नाही. माझ्याही नाही, आज येईपर्यंत.

चार ओळी आहेत. आईच्या सोफ्यापुढे काहीच नाहीत. कुणी हसणार नाही, कुणी शिट्टी वाजवणार नाही. तरी गोदामात उभं राहून हे म्हणायची कल्पना केली आणि ही वहीच छातीशी धरून बसले. म्हणजे दुसऱ्याचं किती सोपं गेलं मला. एका झटक्यात, पेला बिला ओतून.

संध्याकाळी आईच्या शेजारी बसले. ती निवडणं-टिपणं करत होती. उठताना तिने माझे खांदे दोन्ही हातांनी मागे ओढले, सरळ केले. सवयीने. लहानपणापासून करते.

८ एप्रिल

आईने आज ऑफिसातून आल्यावर पर्सही न ठेवता माझ्या खोलीचं दार आतून लावलं.

म्हणाली, "ते माझं नव्हतं. आत्याचं होतं. तू जन्मायच्याही आधी तिने मला सांगितलेलं. तुझ्या वेळी मला काही झालं नाही, तू पटकन झालीस. तू म्हणालीस कुणाचंही चालतं, स्वतःचं म्हणून सांगायचं. माझं सांगायची मला लाज वाटली, म्हणून तिचं दिलं."

मी विचारलं, "पण तू तर कधीच हसत नाहीस."

"मला नाही येत हसू फारसं. त्यात काय."

मी आत्याच्या समोर उभी राहून, आत्याच्या सुरात.

आम्ही दोघी खाली गेलो. तिच्या दारापर्यंत. आतून भांड्यांचा आवाज येत होता. आईने बेलकडे हात नेला आणि माझ्याकडे पाहिलं, मी तिच्याकडे. मग दोघी जिना चढून परत आलो.

आधी कुणी बोलायचं — जिने तिचं उचलून दिलं तिने, की जिने चारचौघांत ओतलं तिने? का आता तरी दोघींनी गप्प बसावं, तिचं तिला ठेवू द्यावं? मला खरंच कळत नाही. वही गं, तुला काय वाटतं?